आठवगड

मे महिन्यात नागपुरात रात्र होते, गारवा होत नाही. सूर्य बुडून दोन-दोन तास उलटले तरी भिंती धग सोडत असतात आणि गच्चीवर मारलेलं पाणी बघता बघता उडून जातं. अशाच एका रात्री टेकडी गणपतीचं दर्शन घेऊन मी बाहेर आलो. चप्पल पायात सरकवताना तोल सावरायला बाजूच्या काळ्या खडकावर हात टेकला. खडक गरम होता. ताप आलेल्या लेकराच्या कपाळाला हात लावावा तशी आतून येणारी ती ऊब होती. दुपारी दोनचं ऊन रात्री नऊ वाजता माझ्या तळहाताशी येऊन भेटत होतं. माणसं पुढे सरकत होती, स्टेशनाकडून गाडीची शिटी येत होती आणि मी हात तसाच ठेवून उभा राहिलो. फार वर्षांपूर्वी ऐकलेलं एक वाक्य त्या उबेतून वर आलं होतं.

“टेकडीले सगळं याद राह्यते रे बाप्पा,” आजी म्हणायची. “तिच्यापाशी खोटं बोलू नोको.”

आमचं घर बर्डीवरचं. बाहेरगावची माणसं सीताबर्डी म्हणतात, आम्ही नुसतं बर्डी. आणि इथं कोणी ‘बर्डीत’ जात नाही, सगळे ‘बर्डीवर’ जातात. लग्नाचा बस्ता बांधायचा असो, पोराची पुस्तकं आणायची असोत की व्हरायटी चौकात कोणाला भेटायचं असो, घरातून निघताना माणूस ‘बर्डीवर जाऊन येतो’ एवढंच सांगतो. दुकानांच्या पाट्यांनी टेकडी झाकून टाकली, मेट्रोचे खांब तिच्यापेक्षा उंच वाटू लागले, पायाला चढ जाणवेनासा झाला. भाषेनं मात्र तो चढ सोडलेला नाही. ‘वर’ या दोन अक्षरांत टेकडी अजून उभी आहे.

नावाची गोष्ट लोक अशी सांगतात की शितलाप्रसाद आणि बद्रीप्रसाद नावाचे दोन गवळी भाऊ इथं राहायचे. त्यांच्या नावांवरून शितलाबद्री आणि पुढे सीताबर्डी झालं. इंग्रजांनी ते सीताबुल्डी असं लिहून ठेवलं. मला त्या नावात आमच्याकडची बरड जमीनही ऐकू येते. मुरमाची, खडकाळ, नांगराला दाद न देणारी. गोष्ट खरी की माझा कान खरा, हे ठरवायची मला घाई नाही. एकाच नावात दोन आठवणी शेजारी नांदत असतील तर नांदोत.

लहानपणी मी आणि ताईनं खेळात एक राज्य रचलं होतं. जुन्या कॅलेंडरच्या पाठीमागं त्याचा नकाशा होता. नाग नदी ही सरहद्द, शुक्रवारी तलाव हा समुद्र. स्टेशन हे राक्षसांचं गाव, कारण रात्री तिथून फूत्कार यायचे. आणि नकाशाच्या मधोमध, तपकिरी खडूनं दाबून रंगवलेला, एक डोंगर होता. त्याचं नाव आठवगड. आठवगडाचा कायदा साधा होता. वर जायचं, दगडाला तोंड लावून एक गोष्ट सांगायची. डोंगर ती कधीच विसरणार नाही, आणि पुढे कोणी नीट विचारलं तर परत देईल.

अडचण एवढीच होती की आठवगडावर आम्हाला रोज जाता येत नसे. आठवगड म्हणजे बर्डीचीच टेकडी, आणि तिच्यावरचा सीताबर्डीचा किल्ला लष्कराच्या ताब्यात आहे. सामान्य माणसाला तो उघडतो २६ जानेवारीला, १ मेला आणि १५ ऑगस्टला. वर्षाचे तीन दिवस. आमच्या राज्यात हे अगदी बसत होतं. जादूचा डोंगर रोज उघडा राहिला तर तो कसला जादूचा? एका १५ ऑगस्टला बाबांचं बोट धरून मी वर गेलो. आजी त्याच पावसाळ्यात गेली होती. सगळे झेंडा बघत होते तेव्हा मी एका ओल्या काळ्या दगडाला तोंड लावलं आणि तिचं नाव सांगितलं. नुसतं नाव. ते कोणालाच कळलं नाही, ताईलासुद्धा.

नंतर मी मोठा झालो, नकाशा कुठे गेला कळलं नाही. डोंगर आठवत नसतात, हे शहाण्या माणसासारखं मीही मानू लागलो. आणि मग एक दिवस वाचताना कळलं की आठवतात. हा दगड तर आठवणीचाच बनलेला आहे.

बर्डीची टेकडी बेसाल्टची आहे. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी जमिनीला भेगा पडून लाव्हा वाहू लागला आणि थरावर थर चढत दख्खनचं पठार तयार झालं. सह्याद्रीचे कडे त्याच दगडाचे, वेरूळची लेणी त्याच दगडात. मुंबईकडून पूर्वेला येत येत हा काळा दगड नागपुरापाशी संपतो. शहराच्या पश्चिमेला तो आहे, पूर्वेकडे गेलं की त्याहून कितीतरी जुना नाइस खडक लागतो. म्हणजे आमची टेकडी त्या अफाट काळ्या पठाराच्या काठावर बसलेली आहे. घराच्या उंबरठ्यावर म्हातारी माणसं बसतात तशी.

या दगडाची आठवण कशी तयार होते ते बघण्यासारखं आहे. बेसाल्टमध्ये मॅग्नेटाइट या लोहखनिजाचे बारीक कण असतात. दगड निवत निवत साधारण ५८० अंश सेल्सियसच्या खाली आला की त्या कणांचं चुंबकत्व गोठू लागतं, आणि गोठताना पृथ्वीच्या चुंबकीय क्षेत्राची त्या घडीची दिशा धरून ठेवतं. ही दिशा विषुववृत्तापाशी आडवी असते आणि ध्रुवाकडे जावं तशी उभी होत जाते. त्यामुळे दगडात गोठलेल्या दिशेचा कल मोजला की तो दगड कुठल्या अक्षांशावर जन्मला ते काढता येतं. १९५० च्या दशकात लंडनच्या इम्पीरियल कॉलेजातल्या ब्लॅकेट यांच्या गटातील शास्त्रज्ञांनी दख्खनच्या दगडाची अशी मोजणी केली. दगडानं दिलेली साक्ष स्पष्ट होती. आपण जन्मलो तेव्हा ही भूमी विषुववृत्ताच्या दक्षिणेला होती, आजच्या अंदाजानं तीस अंशांच्या आसपास. नागपूर आज एकवीस अंश उत्तरेला आहे. ज्या दगडाला आपण अचलाची उपमा देतो तो पाच हजार किलोमीटरहून जास्त चालत आलेला आहे. तो निघाला तो गाव त्याच्या कणाकणात अजून नोंदलेला आहे. दख्खनच्या बहुतेक थरांतली दिशा आजच्या उलट आहे, कारण त्या काळी पृथ्वीचे चुंबकीय ध्रुवच उलटे होते. सगळी पृथ्वी बदलली, दगडानं आपला शब्द फिरवला नाही.

या टेकडीकडे वाचायची वस्तू म्हणून पहिल्यांदा बघणाऱ्यांत एक नाव घ्यायला हवं. स्टीफन हिस्लॉप. हे स्कॉटिश मिशनरी १८४५ मध्ये नागपुरात आले. धर्मप्रचारासोबत शाळा चालवली आणि हातात हातोडी घेऊन आसपासचा मुलूख पालथा घातला. सहकारी रॉबर्ट हंटर यांच्यासोबत त्यांनी नागपूर परिसराच्या भूरचनेवर लिहिलेला निबंध १८५५ मध्ये लंडनच्या जिऑलॉजिकल सोसायटीच्या नियतकालिकात छापून आला. सीताबर्डीची टेकडीही त्यांच्या अभ्यासात आहे. नागपूरलगतच्या टाकळीजवळ त्यांना लाव्हाच्या दोन थरांमध्ये चेपलेला गाळ सापडला. त्यात गोड्या पाण्यातले शंख होते, फळं आणि बिया होत्या, किड्यांच्या पंखांचे ठसे होते. म्हणजे लाव्हा वाहायचा आणि थांबायचा. थांबला की खोलगट जागी पाणी साचायचं. तळी व्हायची, काठाला झाडं यायची, चिखलात गोगलगायी फिरायच्या. बरीच वर्षं सगळं सुखात चालायचं. मग पुन्हा जमीन फाटायची. त्या दोन संकटांमधल्या शांत दिवसांची आठवण बोटभर, वीतभर गाळानं जपून ठेवली आहे. मला वाटतं, जगातला बहुतेक संसार असाच दोन लाव्हांच्या मध्ये होतो.

हिस्लॉप यांनी दुसरीही एक आठवण उतरवून घेतली, ती गोंडांची. नागपूर हे गोंड राजा बख्त बुलंद शाहानं वसवलेलं शहर. गोंडांचे कथेकरी परधान लिंगोची कथा गाऊन सांगत. त्या कथेत गोंडांचे पूर्वज एका गुहेत कोंडले गेले आहेत, तोंडावर मोठी शिळा आहे आणि लिंगो त्यांची सुटका करतो. गोंदिया जिल्ह्यात सालेकसा तालुक्यातल्या कचारगडला गोंड बांधव आजही माघ पौर्णिमेला लाखालाखानं जमतात, कारण ती गुहा हीच अशी त्यांची श्रद्धा आहे. आमचा आठवगड कॅलेंडरच्या पाठीवर होता. त्यांचा खरा आहे, आणि एक सबंध समाज दरवर्षी तिथं जाऊन आपली गोष्ट पुन्हा ऐकतो. हिस्लॉप यांनी लिहून ठेवलेली ही कथा छापली गेली १८६६ मध्ये, रिचर्ड टेंपल यांनी. तेव्हा हिस्लॉप नव्हते. ४ सप्टेंबर १८६३ ला टाकळघाटजवळची जुनी शिळावर्तुळं पाहून परतताना पुरानं चढलेल्या ओढ्यात ते बुडाले. दगड वाचता वाचता माणूस पाण्यानं नेला. त्यांच्या नावाचं कॉलेज १८८३ पासून नागपुरात आहे.

आता त्या दिवसाकडे येतो ज्यासाठी सीताबर्डीचं नाव इतिहासाच्या पुस्तकात आहे. २६ नोव्हेंबर १८१७ ची संध्याकाळ. मुधोजी भोसले, म्हणजे अप्पासाहेब, आणि कंपनी सरकार यांच्यात लढाईला तोंड लागलं. रेसिडेंट होते रिचर्ड जेंकिन्स. टेकडीवर कंपनीचे चौदाशेच्या आसपास शिपाई, बहुतेक मद्रासकडचे आणि बंगालचे, म्हणजे आपलेच. खालून अप्पासाहेबांची अठरा हजारांच्या घरातली फौज, त्यात लढाऊ अरबांच्या तुकड्या. टेकडीला दोन माथे, एक मोठा, एक लहान. रात्रभर तोफा चालल्या. सकाळी अरबांनी लहान टेकडी घेतली आणि तिथली तोफ मोठ्या टेकडीवर वळवली. मग बंगालच्या घोडेस्वारांचा हल्ला झाला. लहान टेकडीवर दारूगोळ्याचा स्फोट झाला, त्या गोंधळात कंपनीच्या शिपायांनी ती परत घेतली आणि २७ तारखेच्या दुपारपर्यंत निकाल लागला. अप्पासाहेब पुढे पकडले गेले, प्रयागकडे नेत असताना निसटले, महादेवाच्या डोंगरात गोंडांनी त्यांना आसरा दिला. अखेर १८४० मध्ये दूर जोधपूरला त्यांनी देह ठेवला. १८५३ च्या अखेरीस त्यांच्यानंतर गादीवर आलेले तिसरे रघुजी वारले आणि डलहौसीनं नागपूरचं राज्यच खालसा केलं.

या लढाईतली एक गोष्ट मला सोडत नाही. कंपनीकडून लढणाऱ्यांत मद्रासची चोविसावी पलटण होती. ती मुळात पहिली पलटण होती. १८०६ साली वेल्लोरला शिपायांनी बंड केलं तेव्हा तिचा क्रमांक आणि मान दोन्ही काढून घेतले गेले. सीताबर्डीच्या लढाईनंतर त्या शिपायांनी मागणं मागितलं ते जुन्या क्रमांकाचं, आणि ते त्यांना मिळालं. ज्या सत्तेविरुद्ध त्यांचे भाऊबंद उठले, त्याच सत्तेसाठी रक्त सांडून त्यांनी आपलं हरवलेलं नाव परत मिळवलं. त्यांना दोष देण्याचा मला अधिकार वाटत नाही. पण परक्याच्या हाती आपलं नाव गेलं की माणसाला काय काय करावं लागतं, हे मी या टेकडीकडून शिकलो.

किल्ल्यात कंपनीच्या मृतांच्या कबरी आहेत. जिंकणाऱ्यांनी आपले मेलेले दगडावर कोरले. अप्पासाहेबांच्या बाजूनं पडलेल्यांची नावं कोणी कोरली नाहीत. त्यांची आठवण टेकडी उतरून गल्लीत गेली. पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी, तान्ह्या पोळ्याला, नागपुरात मारबतीची मिरवणूक निघते. काळी मारबत १८८१ पासून, पिवळी १८८५ पासून. लोक सांगतात की काळी मारबत म्हणजे बाकाबाई, इंग्रजांना मिळालेली भोसल्यांच्या घरातली राणी. दरवर्षी तिचा पुतळा गावभर फिरवून जाळला जातो. बाकाबाईंना हा न्याय की अन्याय, हे इतिहासकार ठरवोत. मी एवढंच पाहतो की वर टेकडीवर एक आठवण दगडात स्थिर बसली आहे आणि खाली दुसरी आठवण दरवर्षी बांबू-कागदाची नवी होऊन पुन्हा पेटते.

किल्ल्यात एक दर्गाही आहे, नवगज अली बाबांचा. १८५७ मध्ये फाशी दिलेल्यांची ती समाधी आणि त्यांत टिपू सुलतानाचा एक नातू होता, असं सांगतात. एक कोठडी गांधीजींची म्हणून दाखवतात, १९२३ च्या उन्हाळ्यात त्यांना इथं ठेवलं होतं म्हणून. मीही लहानपणी त्या कोठडीपुढे हात जोडले आहेत. पण मार्च १९२२ पासून फेब्रुवारी १९२४ पर्यंत गांधीजी कैदेत होते ते पुण्याला, येरवड्यात. मग ही आठवण आली कुठून? १९२३ चा उन्हाळा आणि पावसाळा नागपुरात झेंडा सत्याग्रहाचा होता. जमनालाल बजाज पकडले गेले, वल्लभभाई पटेलांनी सूत्रं हाती घेतली, देशभरातून आलेले सत्याग्रही तिरंगा घेऊन सिव्हिल लाइन्सकडे निघत आणि तुरुंगात जात. एवढं सगळं त्यांच्या नावानं चाललेलं असताना ते आपल्या गावात नव्हते, हे लोकांच्या मनानं मानलंच नसावं. म्हणून मनानं त्यांना टेकडीवर आणून बसवलं. ती कोठडी इतिहासाच्या हिशेबात चूक आहे. पण त्या वर्षी नागपूरला काय हवं होतं, हे तिच्याइतकं खरं मला कोणी सांगितलेलं नाही.

इतकं सगळं पाहिल्यावर आठवगडाचा कायदा मला नव्यानं लिहावासा वाटतो. दगड आठवण ठेवतो, त्यात भर घालत नाही आणि काही गाळतही नाही. तो फक्त बोलत नाही. कबर बोलते, पण आपल्या माणसांपुरती. लोकांच्या तोंडची गोष्ट सगळ्यांसाठी बोलते, पण बोलताना स्वतःची ओढ मिसळते. तिघांना एकत्र बसवून ऐकलं तर टेकडी कळते. एकट्या दगडावर विसंबलं तर माणूस हरवतो, एकट्या कबरीवर विसंबलं तर हरलेले हरवतात, एकट्या गोष्टीवर विसंबलं तर येरवडा हरवतो. आणि या तिघांना एकत्र बसवण्याचं काम कुठलाही जादूचा डोंगर करून देत नाही. त्यासाठी माणूस लागतो. हातोडी घेतलेला, मोजमाप करणारा, गाणारा परधान, किंवा नातवाला खोटं बोलू नको म्हणणारी एखादी म्हातारी.

त्या रात्री खडकावरून हात काढताना मला ओला दगड आठवला, १५ ऑगस्टचा. आजीचं नाव त्यानं ठेवलं असेल का? दगडाला नाव कळत नाही, हे मी आता जाणतो. पण ते नाव मी कुठं ठेवलं हे मला पक्कं ठाऊक आहे, म्हणून ते माझ्याकडून हरवलं नाही. टेकडीचा उपयोग बहुधा हाच असावा. आपण ठेवलेलं कुठं ठेवलं ते विसरू नये म्हणून ती तिथं असते.

नागपूरकरांना माझं एकच मागणं आहे. पुढच्या १ मेला किल्ल्याचं दार उघडेल. ऊन असेल, टोपी-दुपट्टा बांधा, पाणी बरोबर घ्या, पण घरातल्या एका लहान मुलाला घेऊन वर जा. त्याला लढाईची तारीख सांगा, हरलेल्यांची बाजू सांगा, कोठडीची गोष्ट सांगून येरवड्याचंही सांगा. मग त्याचा हात त्या काळ्या दगडावर ठेवा आणि सांगा की हा दगड विषुववृत्ताच्या पलीकडून चालत आला आहे. संध्याकाळी किल्ल्याचं दार बंद होतं. पुढे ते उघडतं थेट १५ ऑगस्टला.